काकांच्या तोंडावर गुलाब

वाशीत लग्न कुणाचंही असो, ते दोनदा लागतं. एकदा मांडवात, भटजी आणि माइकवाला यांच्या हातून. दुसऱ्यांदा चार-सहा महिन्यांनी, कृषी सेवा केंद्राच्या माडीवर, पडदे ओढलेल्या खोलीत. पहिल्या लग्नात मुहूर्त टळतो, मान्यवर उशिरा येतात, शेवटच्या पंगतीला भाजी पुरत नाही, नवरदेवाचा मेव्हणा रुसून गाडीत जाऊन बसतो. दुसऱ्या लग्नात यातलं काहीच घडत नाही आणि पुढं जन्मभर दोन्ही घरच्यांना आठवतं ते हेच. हे दुसरं लग्न लावणाऱ्याला गाव ‘मिक्सिंगवाला’ म्हणतं. तो स्वतःला एडिटर म्हणवतो. तुम्ही जरा टेकलात, चहा सांगितलात, की तो आपली वंशावळ मॉस्को, पॅरिस, रोम अशी एकेक स्टॉप घेत वाशीच्या एसटी स्टँडपर्यंत आणून सोडतो.

नाव सांगण्यात काही मतलब नाही. असा एक जण भूमला आहे, एक कळंबला आहे, परंड्यालाही असणारच. पण युरोप अंगात आलेला मात्र आमच्याच वाट्याला आला.

खोलीत एसी आहे, तो मशीनसाठी. माणसांनी त्यात बसावं ही निव्वळ मेहेरबानी. चपला बाहेर, तंबाखू बाहेर, लहान पोरं बाहेर. इतर स्टुडिओंच्या भिंतीवर बागेत पळणारी नवरा-नवरी असतात. ह्याच्या भिंतीवर एक काळं-पांढरं चित्र आहे. एक बाई फिल्मची पट्टी उजेडाला धरून डोळे बारीक करून बघतेय. डीव्हीडी न्यायला येणाऱ्या बायका त्या चित्राला नमस्कार करतात, कारण ती ह्याची आजी आहे असा समज पसरलेला आहे. ती आजी नव्हे. ती येलिझावेता स्विलोवा. १९२९ साली तिच्या नवऱ्यानं, झिगा व्हेर्तोवनं, ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ काढला. त्या चित्रपटात मधेच ही बाई आपल्या टेबलाशी बसून तोच चित्रपट जोडताना दिसते. “संकलक पडद्यावर दिसला, सर! रशियात! १९२९ ला!” हे सांगताना ह्याचा आवाज येडेश्वरीच्या पालखीपुढच्या भक्तासारखा चढतो.

चढणारच. कारण ह्याचं मूळ दुखणं तेच आहे. लग्नात फोटोग्राफरला फेटा बांधतात, टॉवेल-टोपी देतात, “कॅमेरावाले जेवले का?” म्हणून नवरीचा बाप स्वतः फिरून विचारतो. मिक्सिंगवाला लग्नाला नसतोच. गावातल्या कुठल्याही पोराला विचारा, ‘सैराट’ कुणाचा? नागराज मंजुळेंचा. गाणी? अजय-अतुल. आर्ची कोण, परशा कोण, करमाळ्यात कुठं-कुठं शूटिंग झालं, सगळं तोंडपाठ. संकलन कुणाचं? गप्प. मग हा विजयी आवाजात म्हणतो, “कुतुब इनामदार!” आणि शेवटच्या प्रसंगात आवाज कसा बंद केलाय, नुसती पावलं कशी ठेवलीत, हे सांगत राहतो. समोरचं पोरगं तोवर मोबाइलवर दुसरं काहीतरी बघत असतं.

कारकीर्द दहावीच्या सुट्टीत सुरू झाली, लाइट धरण्यापासून. ते दिवस खांद्यावरच्या एम ९००० कॅमेऱ्याचे. कॅमेरावाला पुढं, त्याच्यामागं तापलेला हॅलोजन उंच धरलेला हा, आणि ह्याच्यामागं वायर सोडवत पळणारं आणखी एक पोरगं. हॅलोजन नवरीच्या तोंडावर मारायचा, तिनं डोळे मिटले की खाली घ्यायचा, एवढंच काम. मिक्सिंगला कॅसेट बार्शीला जायच्या. तिथं दोन व्हीसीआर आणि एक मिक्सर यांच्यामध्ये बसलेला माणूस बटण दाबून नवरीला बदामात घालतो आणि नवऱ्याला कमळातून काढतो, हे ह्यानं पाहिलं. लाइट धरणाऱ्याला त्या दिवशी आपली जागा कळली. कॅसेट तीन तासांची. गिऱ्हाईक पैसे तीन तासांचे देणार, त्यामुळं तीन तास भरलेच पाहिजेत. लग्न दोन तासांत उरकलं तर उरलेल्या तासात आहेर, रुखवत, मंडपाचे खांब, आणि तरीही टेप उरली तर पाहुण्यांच्या जीपगाड्या.

मग पुणं. लॉ कॉलेज रोडवरची फिल्म इन्स्टिट्यूट १९६० साली ‘प्रभात’च्या जागेत उभी राहिली. हा शिकला तो तिथून दोन गल्ल्या सोडून असलेल्या एका खासगी क्लासात, पण ‘आमच्या इन्स्टिट्यूटला’ असं म्हणतो. चहा मात्र तो खरोखर इन्स्टिट्यूटच्या गेटसमोरच प्यायला आहे आणि फिल्म अर्काइव्हमध्ये जाऊन सिनेमेही त्यानं खरोखर पाहिलेत. इन्स्टिट्यूटच्याच एका दयाळू विद्यार्थ्यानं त्याला स्टीनबेक दाखवलं. जर्मन बनावटीचं ते टेबल. त्याच्यावर आडव्या तबकड्या, एका बाजूनं चित्र फिरतं, दुसऱ्या बाजूनं आवाज. पस्तीस एमएमच्या एका फुटात सोळा चौकटी, सेकंदाला चोवीस, हजार फुटांचं रीळ अकरा मिनिटांत संपतं. हवी तिथं थांबवा, कापा, चिकटपट्टीनं जोडा. हे सगळं तो खांद्यावरचा टॉवेल टेबलावर ताणून करून दाखवतो. एकदा भरात येऊन त्यानं टॉवेल कापलाही होता. पुण्याहून येताना तो तीन गोष्टी घेऊन आला. एडियस हे सॉफ्टवेअर, ‘प्रभात’च्या संकलन विभागात घडलेल्या अनंत मान्यांचा ‘सांगत्ये ऐका’ पुण्याच्या विजयानंदला १३१ आठवडे चालला ही माहिती, आणि युरोप.

युरोपचा पहिला प्रयोग झाला एका वरातीवर. गोदारचा ‘ब्रेथलेस’ १९६० चा. चित्रपट ठरल्यापेक्षा फार लांब झाला, तेव्हा अख्खे प्रसंग काढून टाकण्याऐवजी प्रसंगांच्या आतूनच तुकडे उडवले. गाडीत बसलेल्या मुलीची मान तीच राहते आणि मागचं पॅरिस झटक्या-झटक्यानं बदलत जातं. कात्री सेसिल देक्युजी या बाईची. पुढं अल्जीरियाच्या स्वातंत्र्यलढ्याला मदत केली म्हणून ती तुरुंगातही गेली. इथं आला की हा स्वतःच्या दोन्ही कानांच्या पाळ्या धरतो. तर त्यानं घोड्यावरचा नवरदेव तसाच ठेवला आणि मागची वाशी उडवली. मारुतीच्या देवळापुढं घोडा, झटका, बाजारात घोडा, झटका, मांडवाच्या दारात घोडा. दुसऱ्या दिवशी नवरदेवाचे वडील डीव्हीडी घेऊन हजर.

“मिक्सिंगवाले, तबकडी अडकायलीय बघा.”

“आण्णा, अडकत नाही. ती स्टाइल आहे. फ्रान्समध्ये—”

“फ्रान्सचं ऱ्हाऊ द्या. वेशीपास्नं मांडवापर्यंत आमचं पावणं दोन तास नाचल्यात. ते कुठं गेलं?”

पावणे सगळे परत आले. दोन तास नाचून गेले. वाशीत काही कापायचं म्हणजे कुणाच्या तरी मेव्हण्याला कापायचं, हा धडा ह्या डीव्हीडीतून मिळाला.

दुसरा प्रयोग जास्त धाडसी. डेव्हिड लीनच्या १९६२ च्या ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’त पीटर ओटूल पेटलेली काडी फुंकर मारून विझवतो आणि त्याच क्षणी पडद्यावर वाळवंटातला सूर्योदय येतो. अ‍ॅन कोट्स नावाच्या इंग्लिश बाईंचं संकलन, त्याबद्दल ऑस्कर. ह्यानं तो क्षण हळदीत बसवला. नवरदेवाला निरांजनावर फुंकर मारायला लावली आणि लगेच येरमाळ्याच्या डोंगरावर उगवणारा सूर्य, ड्रोनवरून. मला तो तुकडा त्यानं दाखवला तेव्हा अंगावर काटा आला, खोटं कशाला बोलू. पण तो मी घरचा नव्हतो म्हणून. घरची आजी उठून उभी राहिली. “शुभकार्यात दिवा विझवला? कुणाच्या मुडद्यानं?” त्या रात्रीच तुकडा उलटा झाला. आधी सूर्य, मग पेटलेलं निरांजन. हा आता सांगतो की लीनपेक्षा हेच बरोबर आहे, सूर्यावरून दिव्याकडं येणं जास्त भारतीय आहे. त्यानं हे खरंच ठरवलंय की आजीच्या भीतीनं, ते विचारू नये.

आणि अंतरपाट. सर्जिओ लिओनीचा १९६६ चा ‘द गुड, द बॅड अँड द अग्ली’. निनो बारागली आणि युजेनियो अलाबिसो हे दोघे संकलक. शेवटी स्मशानात तिघं एकमेकांसमोर उभे, मोरिकोनेचं संगीत चढत चाललंय, आणि कात्री फिरते ती डोळे, हात, पिस्तूल, पुन्हा डोळे, आणखी जवळून डोळे. आता लग्नात मंगलाष्टकांच्या वेळी दुसरं काय असतं? ह्यानं नवरदेवाचे डोळे घेतले, नवरीच्या भावाची अक्षतांवर आवळलेली मूठ घेतली, वरमाईचे डोळे, मामाचा हात, आत्याचे डोळे, पुन्हा मूठ, पुन्हा आत्या, आणखी जवळून आत्या. ‘सावधान’ला तेरखेड्याच्या फटाक्यांची माळ. तेरखेडा आमच्याच तालुक्यात, तेव्हा बारुदाला तोटा नव्हता. टीव्हीसमोर बसलेल्या एका म्हाताऱ्यानं एवढंच विचारलं, “शेवटी मेलं कोण?” आत्याच्या घरून मात्र निरोप आला की आमच्या बाईला खुन्नस देताना दाखवलंय, हे सोयरीक मोडायचं लक्षण आहे. आत्याच्या डोळ्यांवर शेवटी दोन फुलपाखरं बसवावी लागली.

तुम्हाला वाटेल हा माणूस हरतोच आहे. तसं नाही. एका ठिकाणी तो कायम जिंकतो, आणि तिथं कुणाला पत्ताही लागत नाही. एकदा त्यानं मला एका मामांचा शॉट दाखवला. सात-आठ सेकंद, चेहरा कोरा.

“काय दिसतं, सर?”

“काही नाही.”

“बरोबर. मामा तेव्हा जिलेबीची परात कुठवर आली ते बघत होते. आता बघा.”

त्यानं पुढं नवरीची पाठवणी जोडली. मामांचा गळा दाटून आला. पाठवणी काढून दागिन्यांचं ताट जोडलं, मामांना अभिमान वाटला. ताट काढून जिलेबी ठेवली, तेव्हा कुठं मामा खरे दिसले. शंभर वर्षांपूर्वी रशियात लेव्ह कुलेशोव्हनं हेच केलं होतं. मोझुखिन नावाच्या नटाचा एकच कोरा चेहरा आणि पुढं आळीपाळीनं सुपाची वाटी, शवपेटी, दिवाणावरची बाई. लोकांनी म्हणे नटाच्या अभिनयाची तारीफ केली. वाशीत पुढचा अंक झाला. मामा स्वतः डीव्हीडी बघून रडले. “त्या वेळी माझ्या जीवात काय कालवत होतं, ते ह्या एकट्यानं ओळखलं,” म्हणून त्यांनी माडीवर पाच किलो खवा पाठवला. हा त्यातला अर्धा किलो मला देऊन म्हणाला, “जिलेबीला खवा आला, सर. कुलेशोव्हला काय आलं असंल?”

पुढाऱ्यांचं तर विचारूच नका. मान्यवर चार वाजता येतात, तोवर मांडववाला एका बाजूचं कापड सोडायला लागलेला असतो. पण त्यांनी अक्षता टाकताना दिसलंच पाहिजे. मग त्यांना रिकाम्या मांडवात उभं करून हवेत अक्षता टाकायला लावतात आणि त्या बरोब्बर बारा पस्तीसच्या मुहूर्तावर नवरा-नवरीच्या डोक्यावर पडतात. त्यासाठी सावल्या झाकाव्या लागतात, मागं सुटत असलेल्या कापडावर गेंदाच्या फुलांची चौकट चढवावी लागते. तालुक्यातले निम्मे पुढारी ज्या मुहूर्तांना वेळेवर हजर होते, ते सगळे मुहूर्त ह्या खोलीतले आहेत.

आता एक गोष्ट सांगायची राहिली. हे सगळं करतं कोण? आपले हे साहेब खुर्ची फिरवून युरोप सांगत असतात तेव्हा माउस कुणाच्या हातात असतो? वहिनींच्या. त्या लग्न होऊन आल्या तेव्हा ह्या खोलीत चहा घेऊन येत. चहा निवेपर्यंत उभं राहून बघत. एके दिवशी म्हणाल्या, “अहो, ही नवरीची मावशी न्हाई, चुलती आहे. मावशी म्हणून नाव टाकलं तर भांडणं लागतील.” तेव्हापासून नाती त्यांच्याकडं गेली, मग नावांच्या पाट्या, मग गाणी, मग सगळंच. सिनेमाच्या सुरुवातीच्या काळात तुकडे जोडणं हे शिवणकामासारखं समजून बायकांवर सोपवत, असं हाच मला सांगतो. स्विलोवा, देक्युजी, कोट्स ही नावं तर ह्याच्या जपमाळेतली. पण जिन्याखालच्या पाटीवर ‘संकलन व दिग्दर्शन’ म्हणून नाव एकट्याचं. एकदा मी हे हळूच बोलून दाखवलं. तो जरा वेळ गप्प बसला आणि मग म्हणाला, “व्हेर्तोवचंही तसंच होतं, सर.” त्याला यात सुटका दिसली. वहिनी मान न वळवता म्हणाल्या, “पाटी ऱ्हाऊ द्या. लाइटबिल कुणाच्या नावावर येतंय ते बघा.”

गुलाबाची युक्ती त्यांचीच. बांधावरून दोन भावांचं फाटलं आणि थोरले नाना पेन ड्राइव्ह घेऊन आले. पोराच्या लग्नातून धाकट्याला काढा. आता धाकटे काका म्हणजे त्या लग्नाचा खांब. वऱ्हाड उतरवून घेणारे काका, अक्षता वाटणारे काका, वाढप्यांवर ओरडणारे काका, नवरीला गाडीत बसवताना डोळे पुसणारे काका. हा म्हणाला, “नाना, काकांना काढलं तर लग्न उरत नाही. मोकळं मैदान उरतं.” नाना ऐकेनात. वहिनींनी सगळ्या लग्नभर काकांच्या तोंडावर एक टपोरा गुलाब चढवला. काका वळले की गुलाब वळतो, काका वाकले की गुलाब वाकतो. धोतर-फेट्यातला एक गुलाब पंगतीत लाडू वाढतोय, एक गुलाब बँडवाल्याशी हुज्जत घालतोय, आणि पाठवणीला एक गुलाब रुमालानं पाकळ्या पुसतोय. ते दोन आठवड्यांचं काम होतं. आत्तापर्यंत मी पाहिलेल्या कुठल्याही लग्नात मला इतका जीव गुंतलेला वाटला नाही.

पुढं मोजणी झाली, पंचांनी बसून मिटवलं, भाऊ एका ताटात जेवले. नाना जिना चढून आले, “काढा ते फूल.” पण लगीनसराई झाली की हार्ड डिस्क रिकामी करावी लागते. मूळचं सगळं पुसलेलं, उरलं ते गुलाबासकट. पोरं आता त्यांना गुलाबकाका म्हणतात. काकांना ते आवडतं असं दिसतं, कारण परवा एका साखरपुड्यात फोटोला उभं राहताना त्यांनी खिशाला गुलाब लावला होता.

धंदा बदललाय. तीन तासांची कॅसेट मागणाऱ्यांच्या नातवांना तीस सेकंदांची रील हवी असते, तीही वरात दारात यायच्या आत. वहिनी मांडवामागं लॅपटॉप घेऊन बसतात आणि ताटं उचलायच्या आधी रील देतात. ह्याला त्यात रस नाही. त्यानं मधे स्वतःचा सिनेमा काढला, युरोपियन पद्धतीचा. फाट्यावरच्या निवाऱ्यात एक म्हातारा एसटीची वाट बघतोय. कॅमेरा हलत नाही, म्हातारा हलत नाही, चाळीस मिनिटं. गल्लीतल्या तात्यांना उन्हात सकाळपासून बसवलं होतं. महोत्सवाला पाठवायच्या आदल्या रात्री हा झोपला आणि वहिनींनी फाइल उघडली. सकाळी सिनेमा चार मिनिटांचा झाला होता आणि तिसऱ्या मिनिटाला बसही आली होती. कळंब आगाराची, कुठल्याशा वरातीच्या शूटिंगमधे मागून गेलेली. हा दोन दिवस कुणाशी बोलला नाही. तिसऱ्या दिवशी त्यानं सिनेमा पाठवला आणि शेवटच्या पाटीवर पहिल्यांदाच वहिनींचं नाव आलं.

गणपतीत मंडळानं पडदा बांधून तो दाखवला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. तात्या मात्र काठी टेकत माडीवर आले. “दिवसभर बसलो मी ऊन खात. आन् दाखवलं एवढंच?”

ह्यानं नुसतं वहिनींकडं बोट केलं.

“तात्या,” वहिनी म्हणाल्या, “गाडी आली की तुमची. अजून किती बसणार?”